सोंगातला माणूस: ‘ऑफबीट’ हा जुना ब्रिटिश गुन्हेपट आणि साध्या वेशातलं काम

प्रश्न असा आहे: १९६१ सालचा ‘ऑफबीट’ हा ब्रिटिश गुन्हेपट नुकताच पाहिला. टोळीत घुसलेला सरकारी माणूस हळूहळू त्या टोळीतच रमतो. प्रत्यक्षात असं होतं का, की कथेला रंगत यावी म्हणून रचलेलं आहे? आणि इतक्या थोड्या पैशांत केलेला सिनेमा आजही आवर्जून का पाहावा?

मी पोलीस खात्यात ३१ वर्षं काढली. त्यातली बरीचशी गुन्ह्यांच्या तपासात गेली आणि काही महिने असे गेले की अंगावर वर्दी नव्हती आणि नावही दुसऱ्याचं होतं. म्हणून पहिल्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो. होतं, अगदी असंच होतं. टोळीत जाऊन बसलेल्या माणसाला आपण ओळखले जाऊ ही भीती पहिले आठ-पंधरा दिवस झोपू देत नाही. पुढे ती अंगवळणी पडते. त्यानंतर जो धोका सुरू होतो तो लळ्याचा. समोरची माणसं आवडू लागतात. आमच्या काळात याबद्दल कुणी शिकवायचं नाही आणि कुणी विचारायचंही नाही. ‘ऑफबीट’ नेमकी हीच गोष्ट जेमतेम सव्वा तासात सांगतो, म्हणून मी त्याला फार मानतो.

ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी कथा थोडक्यात. लंडनमध्ये एक टोळी आहे. ती दादागिरीवर चालत नाही, एखाद्या कंपनीसारखी चालते. भांडवल आहे, आखणी आहे, कामाची वाटणी आहे, ज्याचा त्याचा हिस्सा ठरलेला आहे. स्कॉटलंड यार्डला, म्हणजे लंडन पोलिसांना, आत माणूस घालायचा आहे, म्हणून ते एमआय ५ या गुप्तचर संस्थेकडून लेटन नावाचा अधिकारी उसना घेतात. लेटन ‘स्टीव्ह रॉस’ हे नाव घेतो, बाजारात पत तयार व्हावी म्हणून एकट्याने बँक लुटतो आणि त्या जोरावर टोळीत शिरतो. टोळी दागिन्यांवर मोठा हात मारण्याच्या तयारीत असते. त्या तयारीत लेटनला सोबती मिळतात, रुथ नावाची बाई भेटते, आणि ज्यांच्याविरुद्ध त्याला पाठवलंय त्यांच्यात त्याला पाठवणाऱ्यांपेक्षा जास्त माणुसकी दिसू लागते. शेवट सांगत नाही.

दिग्दर्शक क्लिफ ओवेन. पटकथा पीटर बार्न्स यांची. हेच पुढे ‘द रूलिंग क्लास’ या नाटकामुळे गाजले. लेटनचं काम केलंय विल्यम सिल्व्हेस्टर या अमेरिकन नटाने. स्टॅन्ली क्युब्रिकच्या ‘२००१: अ स्पेस ओडिसी’मध्ये चंद्रावर जाणारे डॉक्टर फ्लॉइड आठवत असतील, तर ते हेच. रुथ झालेली माई झेटर्लिंग स्वीडनची, पुढे स्वतः दिग्दर्शिका झाली. टोळीत ऑस्ट्रेलियाचा जॉन मेलन आहे, गयानात जन्मलेला हॅरी बेअर्ड आहे, आणि हिचकॉकच्या ‘डायल एम फॉर मर्डर’मध्ये सुपारी घेऊन येणारा अँथनी डॉसनही आहे. लंडनच्या गल्ल्यांतली गोष्ट, पण मुख्य माणसांत अस्सल लंडनचे थोडेच. मला हे पथ्यावर पडलेलं वाटतं. परक्या शहरात एकमेकांना धरून राहिलेली माणसं असा त्या टोळीचा एक वास आपोआप येतो.

आता आमच्या धंद्याच्या नजरेने बघू. यार्डने बाहेरच्या संस्थेचा माणूस का घ्यावा, असा प्रश्न पडू शकतो. यात पटकथाकाराने गृहपाठ केलेला आहे. मुरलेल्या गुन्हेगाराला आपल्या भागातल्या तपासी अधिकाऱ्यांचे चेहरे पाठ असतात. कोण कुठल्या टपरीवर चहा पितो, कुणाची बदली कुठे झाली, हे त्याला आपल्याआधी कळतं. आम्हीसुद्धा अशा कामाला शेजारच्या जिल्ह्यातला, शक्यतो नव्याने भरती झालेला माणूस मागून घ्यायचो. अडचण पुढची आहे. एमआय ५ माहिती गोळा करते, तिला अटकेचे अधिकार नाहीत. पोलिसाला मात्र शेवटी न्यायालयात उभं राहून शपथेवर सांगायचं असतं की मी काय पाहिलं आणि त्यात मी स्वतः काय केलं. या दोन कामांच्या सवयी वेगळ्या आहेत. हेर खोटं बोलून विसरून जाऊ शकतो. पोलिसाला त्या खोट्याचा हिशेब ठेवावा लागतो.

आणि ती बँक. बहुतेकांना तो प्रसंग अतर्क्य वाटतो. पोलिसांच्या संमतीने दरोडा? माझ्या मते सिनेमातला सगळ्यात धीट प्रश्न तिथेच विचारला गेला आहे, आणि ब्रिटिश कायद्याला त्याचं लेखी उत्तर द्यायला बरीच वर्षं लागली. १९६९ मध्ये तिथल्या गृहखात्याने परिपत्रक काढलं, की गुन्ह्यात सामील होणाऱ्या खबऱ्याने कुणाला गुन्ह्याला चिथवायचं नाही आणि पोलिसांनी न्यायालयाची दिशाभूल करायची नाही. सन २००० मध्ये अशा कामाच्या परवानग्यांचा कायदा आला. आणि आत घातलेल्या माणसाला स्वतः गुन्हा करण्याची परवानगी देता येईल असा स्वतंत्र कायदा झाला तो २०२१ मध्ये, म्हणजे हा सिनेमा आल्यानंतर बरोबर ६० वर्षांनी. तोवर हे सगळं वरिष्ठांची मान हलण्यावर चालत होतं. मान हललेली कागदावर दिसत नाही. प्रकरण अंगलट आलं की खालचा माणूस एकटा उरतो. लेटनच्या कपाळावर जी आठी दिसते ती मला ओळखीची आहे.

ब्रिटिश समाजाला साध्या वेशातल्या पोलिसाचं वावडं आहे आणि त्याला जुनं कारण आहे. १८२९ मध्ये लंडनचं पोलीस दल उभं राहिलं तेव्हा मुद्दाम निळी वर्दी दिली गेली. सैनिकासारखा लाल डगला नको आणि लोकांत लपणारा हेरही नको, असा त्यामागचा विचार होता. चारच वर्षांत, १८३३ मध्ये, विल्यम पोपे नावाचा सार्जंट एका राजकीय संघटनेत चित्रकार म्हणून शिरलेला उघडकीस आला. तो नुसता ऐकत बसला नव्हता, स्वतः जहाल भाषणं करून इतरांना पेटवत होता. संसदेच्या समितीने त्याला धारेवर धरलं आणि त्याची नोकरी गेली. त्या प्रकरणाची धग इतकी की गुन्हे शोधणारी वेगळी शाखा निघायला १८४२ उजाडलं, आणि तीही ८ माणसांची.

दुसऱ्या महायुद्धानंतर चित्र पालटलं. शिधापत्रिकेवरचं अन्न, काळा बाजार, सैन्यातून पळालेले लोक, ट्रकच्या ट्रक गायब होणं. तेव्हा यार्डने १९४६ मध्ये चार अधिकाऱ्यांचं एक छोटं पथक काढलं, पुढे ‘घोस्ट स्क्वॉड’ म्हणून ओळखलं गेलेलं. त्यांनी स्वतः अटक करायची नाही, साक्षीला जायचं नाही. गुन्हेगारांच्या अड्ड्यांवर वावरायचं, खबऱ्यांचं जाळं विणायचं आणि मिळालेली माहिती दुसऱ्यांना द्यायची. १९४९ पर्यंत पथक चाललं. त्यांच्या माहितीवर सातशेहून जास्त लोक पकडले गेले. त्यातले एक अधिकारी जॉन गॉस्लिंग यांनी १९५९ मध्ये त्यावर पुस्तक लिहिलं आणि १९६१ मध्ये, म्हणजे ‘ऑफबीट’च्याच साली, त्याच नावाची दूरचित्रवाणी मालिका सुरू झाली. विषय हवेत होता. पण मालिकेत सोंग घेतलेला पोलीस हा सरळ नायक असतो. ‘ऑफबीट’ने त्याला डळमळू दिलं.

आता पैशाचं. आपल्याकडे म्हणतात, सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं सोंग आणता येत नाही. हे वाक्य या सिनेमालाही लागू आहे आणि या कामालाही.

त्या काळी ब्रिटनमध्ये एका तिकिटात दोन चित्रपट असायचे: मुख्य मोठा आणि जोडीला छोटा. १९२७ च्या कायद्यापासून चित्रपटगृहांना ठरावीक प्रमाणात देशी चित्रपट दाखवणं सक्तीचं होतं, आणि १९५० पासून तिकिटावरच्या अधिभारातून देशी निर्मात्यांना मदत मिळायला लागली. या दोन आधारांवर छोट्या गुन्हेपटांचा कारखाना चालला. दोन-तीन आठवड्यांचं चित्रीकरण, वीसेक हजार पौंडांच्या आसपास खर्च, आणि बाहेर विकायला सोपं जावं म्हणून एखादा अमेरिकन नट. मर्टन पार्क स्टुडिओत तर एडगर वॉलेस या रहस्यकथाकाराच्या कथांवर असे कितीतरी चित्रपट पाठोपाठ निघाले. त्यातले पुष्कळसे आज बघवत नाहीत, हे खरं. पण कमी पैशांचा एक फायदा असा की निर्मात्याचा जीव टांगणीला लागलेला नसतो आणि लेखकाच्या मानेवर कुणी बसलेलं नसतं. मोठ्या चित्रपटात पोलिसाने चोरांच्या बाजूला झुकणं वरच्यांना रुचलं नसतं. जोडीच्या छोट्या चित्रपटात ते खपून गेलं.

आणि साधेपणाने गोष्टीला बळ दिलं. कृष्णधवल चित्रण, लहान खोल्या, मोजकी माणसं. टोळीत राहणं हे असंच असतं. गोळीबार वगैरे क्वचित. बहुतेक वेळ माणसं एका खोलीत बसून वाट बघत असतात. वाट बघताना बोलतात. बोलता बोलता तुमची होतात.

सोंगाला पैसा लागतो हे मी स्वतः भोगलंय. एका जिल्ह्यात चोरीचे ट्रक तोडून विकणाऱ्या टोळीत मला परगावचा सुट्या भागांचा व्यापारी म्हणून घातलं होतं. व्यापारी म्हटल्यावर खिशात नोटांचा जुडगा दिसायला हवा, जेवणाचं बिल आपण पुढे होऊन द्यायला हवं. मला मिळालेली रक्कम आठवड्यात संपली. पुढचे दिवस मी ‘माल बघितल्याशिवाय पैसा बाहेर काढत नाही’ या एका वाक्यावर ढकलले. सुदैवाने कंजूष व्यापारी लोकांना लगेच पटतो.

पैशापेक्षा अंगाच्या सवयी जास्त घात करतात. जायच्या आधी माझ्या वरिष्ठांनी मला उन्हात उभं करून नीट पाहिलं. कपाळावर टोपीची रेघ होती, वरचा भाग गोरा आणि खालचा रापलेला. मानेवरचे केस मशीन मारल्यासारखे. पायात खात्यातले लालसर तपकिरी बूट, जे रस्त्यावरचं पोरगंसुद्धा ओळखतं. सव्वा महिना केस वाढवले, टोपी न घालता शेतात उन्हात फिरलो, दुसऱ्याच्या पायातली झिजलेली चप्पल घेतली. तरीही उभं राहताना हात आपोआप मागे बांधले जायचे. ती सवय मोडायला मी खिशात शेंगदाणे ठेवायला लागलो. कुणाशी बोलताना हात शेंगदाण्यांत. सिल्व्हेस्टर हे काम फार समजून करतो. त्याचा ताठपणा पूर्ण जात नाही, फक्त थोडा सैलावतो. प्रत्यक्षातही तेवढंच होतं.

आता लळ्याकडे येतो. त्या टोळीत एक मिस्त्री होता, माझ्याच वयाचा. चेसिसवरचा नंबर कानशीने घासून काढायचा आणि त्या जागी नवा ठोकायचा, हे त्याचं काम. हात इतका साफ की अंगठा फिरवला तरी खाच लागायची नाही. मी त्याच्या शेजारी तासन्‌तास बसायचो, कारण कुठला नंबर कुठल्या गाडीवर चढतोय हेच मला हवं होतं. पाचव्या आठवड्यात मला हिवताप झाला. लॉजवर पडून होतो. तो मला उचलून घरी घेऊन गेला. तीन दिवस त्याच्या आईने तांदळाची पेज पाजली, रात्री कपाळावर ओल्या फडक्याच्या घड्या ठेवल्या. भ्रमात मी काय बडबडलो असेन या भीतीने मी नंतर तिला विचारलं. ती म्हणाली, ‘आईला हाका मारत होतास रे, दुसरं काही नाही.’

बरा झाल्यावर मला वरिष्ठांना नावांची यादी द्यायची होती. दिली. पण मिस्त्रीचं नाव दोन दिवस उशिरा दिलं. त्या दोन दिवसांत काही बिघडलं नाही, आणि खात्यात कुणाला कळलंही नाही, पण ते मला माहीत आहे. लेटन ज्या उतारावरून खाली येतो त्याची पहिली पायरी अशीच असते: एक नाव राखून ठेवणं, एक तपशील नंतर सांगू म्हणणं. छापा पडला त्या रात्री कोठडीच्या गजाआडून मिस्त्रीने मला पाहिलं. सात आठवडे तो मला ‘भाऊ’ म्हणत होता. त्या रात्री प्रथमच ‘साहेब’ म्हणाला. म्हणाला, ‘साहेब, ताप तरी खरा होता का?’

एक अधिकारी काही आठवड्यांत इतका हलतो, तर वर्षानुवर्षं आत राहिलेल्यांचं काय? याचं उत्तर ब्रिटनमध्येच मिळालं आणि ते भयंकर आहे. १९६८ मध्ये व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या मोर्च्यांनंतर लंडन पोलिसांनी आंदोलकांत माणसं घालायला एक गुप्त पथक काढलं. ते २००८ पर्यंत चाललं. अधिकारी केस-दाढी वाढवून चार-चार, पाच-पाच वर्षं दुसऱ्या नावाने जगले. त्यातल्या अनेकांनी लहानपणीच दगावलेल्या खऱ्या मुलांची नावं आणि जन्मतारखा घेतल्या. त्या मुलांच्या आईबापांना पत्ता नव्हता. काहींनी आंदोलनातल्या बायकांशी संसारासारखे संबंध ठेवले, कुणाला मूलही झालं, आणि काम संपल्यावर एक दिवस ते नाहीसे झाले. २०१० मध्ये दुसऱ्या एका पथकातला मार्क केनेडी उघडा पडल्यावर हे सगळं बाहेर येऊ लागलं. २०१५ मध्ये लंडन पोलिसांनी काही बायकांची जाहीर माफी मागितली आणि त्याच वर्षी सरकारी चौकशी बसली. २०२३ च्या अंतरिम अहवालात चौकशीच्या प्रमुखांनी म्हटलं, की हे पथक सुरुवातीच्या काळातच बंद करायला हवं होतं.

हे वाचून ‘ऑफबीट’ पुन्हा पाहिला तर रुथकडे बघण्याची नजर बदलते. पहिल्यांदा पाहताना आपण लेटनची घालमेल बघतो, कारण सिनेमा त्याच्या खांद्यावर बसून सांगितलेला आहे. दुसऱ्यांदा मी झेटर्लिंगचा चेहरा बघत राहिलो. ती ज्याच्यावर जीव लावते त्या नावाचा माणूसच जगात नाही. लेटनचं प्रेम खरं असलं तरी ‘स्टीव्ह’ खोटा आहे, आणि ही बाजू सिनेमाने पुरेशी धरलेली नाही. माझ्या लेखी हा त्याचा मोठा उणेपणा आहे. झेटर्लिंगने केवळ नजरेने जेवढं सांगितलं तेवढंच.

दुसरी खोट वेळेची. लेटनवर टोळीचा विश्वास फार लवकर बसतो. खरं तर परीक्षा संपतच नाहीत. जेवताना अचानक गावाचं नाव विचारतील, चार दिवसांनी तोच प्रश्न दुसरा कुणी विचारेल. खोटं बोलायचं तर खऱ्याला चिकटून बोलावं हे मी तिथे शिकलो. गाव खोटं सांगा, पण विहीर आपल्याच गावातली सांगा. सव्वा तासाच्या सिनेमात हे सगळं बसवणं अवघड होतं, हे मान्य.

क्लिफ ओवेन यांनी दोन वर्षांनी, १९६३ मध्ये, ‘द राँग आर्म ऑफ द लॉ’ हा पीटर सेलर्सचा विनोदी चित्रपट केला. त्यातही चोरांची टोळी एखाद्या कंपनीसारखी चालते आणि पोलिसांना चोरांशी हातमिळवणी करावी लागते. दोन्ही लागोपाठ पाहा. हसत सांगितलेली आणि गंभीरपणे सांगितलेली जवळजवळ एकच कल्पना आहे, आणि मला गंभीर रूप जास्त धाडसाचं वाटतं.

ब्रिटनमध्ये २०१३ साली केलेल्या नियमानुसार बारा महिन्यांपुढे कुणाला असं आत ठेवायचं तर पोलीस दलाबाहेरच्या स्वतंत्र अधिकाऱ्याची मंजुरी लागते. फार आधी यायला हवा होता असा नियम. पण माझ्या अनुभवाने सांगतो, बारा महिने दूरच राहिले, सहाव्या आठवड्यालाच आतल्या माणसाला बाहेर बोलावून, जेवू घालून, कुणीतरी विचारलं पाहिजे, की त्यांच्यातला कोण तुला आवडतो? यादी मागण्याआधी हा प्रश्न. मला कुणी विचारला असता तर मी मिस्त्रीचं नाव त्याच दिवशी सांगितलं असतं, दोन्ही अर्थांनी.

सिनेमा जिथे थांबतो तिथून पुढे साक्ष असते. खटला दीड वर्षाने उभा राहिला. न्यायालयाच्या वऱ्हांड्यात बाकावर मिस्त्रीची आई डबा घेऊन बसली होती. मी वर्दीत होतो, केस कापलेले, कपाळावर पुन्हा टोपीची रेघ. वाटलं, ओळखणार नाही. तिने ओळखलं. म्हणाली, ‘पुन्हा ताप आला नाही ना?’ मी नाही म्हणालो आणि पुकारा झाला म्हणून आत गेलो.